सामनेवाला नंबर दोन

मला गाडी चालवता येत नाही. स्कुटीसुद्धा नाही. येडशीच्या शाळेत बदलून आले तेव्हा सोबतच्या शिक्षिकांनी दोन-चार वेळा मैदानावर शिकवून पाहिलं. पण हँडल हातात आलं की माझे खांदे ताठ व्हायचे, आणि मी उतरून चालायला लागायचे. अशा माझ्याकडं एका दुपारी कोर्टाचा बेलीफ आला आणि म्हणाला, "पिकअपच्या मालक तुम्हीच का?"

मुलं खिचडीला बसली होती. मी ओळीतून फिरत होते.

"माझी कसली गाडी?" मी म्हटलं.

त्यानं कागद पुढं केला. माझं नाव बरोबर होतं, वडिलांचंही बरोबर होतं. पत्ता माकणीच्या शाळेचा होता, तो खोडून बाजूला पेनानं येडशी लिहिलेलं. "माकणीला जाऊन आलं हे," तो म्हणाला. "तिथल्या हेडमास्तरांनी सांगितलं तुमी इकडं आलाव म्हणून. इथं सही करा."

सही करून मी ऑफिसात जाऊन बसले आणि कागद वाचला. अपघाताच्या नुकसानभरपाईचा दावा होता. अर्जदार म्हणून ढोकीजवळच्या एका गावातली बाई. सकाळी कामाला चालली असताना पिकअपनं मागून धडक दिली, उजवा पाय गुडघ्यापासून चेंगरला, दोन ऑपरेशनं झाली. सामनेवाले तीन. पहिला गाडीचा ड्रायव्हर, तिसरी विमा कंपनी, आणि मधे मी. सामनेवाला नंबर दोन, वाहन मालक. मी बाई आहे हे त्या शब्दाच्या गावीही नव्हतं.

गाडी मला आठवत नव्हती असं नाही. ती विकून झाली होती, म्हणून ती माझी नव्हती, एवढंच माझ्या डोक्यात पक्कं होतं.

त्याचं असं झालं होतं. मी माकणीला असताना माझ्या धाकट्या भावानं पिकअप घ्यायची ठरवली. लोहाऱ्याच्या बाजारात माल न्यायचा, कधी टोमॅटो, कधी कोथिंबीर, लग्नसराईत मंडपाचं सामान. कर्ज देणाऱ्या कंपनीला पगारपत्रक पाहिजे होतं. ते घरात फक्त माझ्याकडं होतं. मी लग्न केलं नाही. आई-वडील गेल्यावर भाऊ, भावजय आणि त्यांची दोन मुलं हेच माझं घर. तो म्हणाला, "अक्का, नाव तुझं लागतंय, बाकी सगळं मी बघतो." मी सह्या केल्या. गाडी आली तेव्हा ओवाळली, नारळ फोडला. ड्रायव्हरच्या सीटवर बसून फोटो काढ म्हणून मुलं मागं लागली, तर मी तेवढंही केलं नाही.

कर्ज फिटलं तसं एके दिवशी भाऊ शाळेच्या फाटकाशी आला. मोटारसायकल उभी केली, सीटवर दोन कोरे फॉर्म ठेवले. "गाडी विकली ढोकीच्या एकाला. नाव बदलून घेईल तो. इथं, आन इथं." तास सुरू व्हायची घंटा झाली होती. मी सह्या केल्या आणि वर्गात गेले. कुणाला विकली, कागद कुठं जाणार, किती दिवसांत नाव बदलणार, काहीही विचारलं नाही. खरं सांगायचं तर विचारायला नको म्हणून बरं वाटलं होतं.

समन्स आलं त्या दिवशी शाळा सुटल्याबरोबर मी त्याला फोन केला. सगळं सांगितलं.

"ऐकतोयस ना?"

"ऐकलालो अक्का. तू टेन्शन घेऊ नको. गाडी आपण विकलेली हाय. तुझा काय संबंध?"

"मग माझं नाव कसं आलं?"

"त्यानं नाव लावून घेतलं नसंल. मी बघतो."

हे 'मी बघतो' मी आयुष्यभर ऐकत आले होते, आणि ऐकलं की निवांत व्हायचे. त्या दिवशी झाले नाही. तव्यावर भाकरी टाकली आणि दाराशी जाऊन उभी राहिले, ती करपली. हजेरी घेताना एकाच मुलाचं नाव दोनदा पुकारलं. रस्त्यानं पांढरी पिकअप दिसली की नंबर वाचायचे, आणि आपल्याला आपल्याच गाडीचा नंबर पाठ नाही हे आठवून समन्स काढून परत बघायचे. सगळ्यात जास्त टोचत होतं ते एक वाक्य. कामाला चालली असताना. म्हणजे ती बाई कामाला चालली होती आणि मी त्या वेळी कुठंतरी फळ्यावर तारीख लिहीत असेन.

धाराशिवला एक वकील गाठले. वयस्कर होते, बोलणं तुटक. त्यांनी दाव्याची प्रत चाळली आणि विचारलं, "आरसीवर कुणाचं नाव आहे?"

"माझं. पण गाडी विकलीय साहेब."

"विकली असेल. कायद्याच्या लेखी मालक म्हणजे रजिस्टरला ज्याचं नाव तो. गाडी कुणाच्या दारात उभी राहते, डिझेल कोण भरतं, ते नंतर. रस्त्यावर पडलेल्या माणसानं गाडी पुढं कुणाकुणाला विकली हे शोधत हिंडायचं नसतं."

"आणि विमा?"

त्यांनी कागद माझ्याकडं फिरवला. विमा अपघाताच्या चार महिने आधीच संपलेला होता. "म्हणजे कंपनी हात वर करणार. राहिले ड्रायव्हर आणि तुम्ही. ड्रायव्हरकडं काय असतं? विक्रीचा काही कागद असला तर आणा. त्यानं तुमची जबाबदारी उडणार नाही, पण घेणाऱ्याला दाव्यात ओढता येईल. पुढं त्याच्याकडून वसूल करायला आधार होईल."

कोर्टाच्या पहिल्या तारखेला मी रजा टाकून गेले. व्हरांड्यात माणसं भिंतीला टेकून बसलेली. शिपायानं पुकारा केला, आधी अर्जदाराचं नाव, मग माझं. बाकावरून एक बाई उठायला लागली. एका हातानं काठी, दुसऱ्या हातानं जावेचा खांदा. उजवा पाय लाकडासारखा सरळ पुढं. चाळिशीची असेल. कपाळ मोठं, डोक्यावरचा पदर कानामागं खोचलेला. आम्ही दोघी एकाच वेळी दारात पोचलो आणि तिला आधी जाता यावं म्हणून मी मागं सरकले.

दोन मिनिटांत पुढची तारीख पडली. बाहेर आल्यावर तिनंच मला हाक मारली.

"बाई, गाडी तुमची का?"

"माझ्या नावावर आहे," मी म्हटलं.

"मंग तुमचीच की."

ती रागानं बोलत नव्हती, तेच जड गेलं. "चालवनारा म्हनतो माझी न्हाय. पोलीस म्हनते मालकाचा पत्ता लागंना. तुमी म्हनताव नुसतं नाव हाय. आमी कुनाच्या दारात जावं?"

जाऊ म्हणाली, "चला वं, एसटी जाईल."

पण ती थांबली. मी काय करते विचारलं. शाळेत आहे म्हटल्यावर स्वतःचं सांगू लागली. पंधरा बायकांची टोळी तिच्या हाताखाली होती. सोयाबीनची खुरपणी, काढणी, कुणाच्या रानात किती बायका लागतील हे ती बांधावरूनच सांगायची. "आता बसता येत न्हाय. आन बसल्याबिगर खुरपन कसं व्हावं?" असं म्हणून तिनं पायाकडं पाहिलं, जणू कुणी दुसऱ्याचा पाय तिच्याकडं ठेवून गेलं होतं.

त्या आठवड्यात भाऊ कागद घेऊन आला. स्टॅम्पपेपरवर टाइप केलेला करारनामा. लिहून देणार मी, लिहून घेणार ढोकीचा माणूस, धंदा ट्रॉल्यांचं वेल्डिंग. गाडीचा ताबा दिला, यापुढं अपघात वगैरे झाल्यास सर्व जबाबदारी घेणाऱ्याची. तारीख मी फॉर्मवर सह्या केल्या त्याच महिन्यातली. खाली घेणाऱ्याची इंग्रजी सही, माझ्या सहीची जागा रिकामी.

"तेव्हा राहून गेली तुझी सही," तो म्हणाला. "आता कर. वकील म्हणले तसाच कागद हाय बघ."

पेन त्यानंच उघडून दिलं. मी सही करण्याआधी वाचायला घेतलं, आयुष्यात पहिल्यांदा. वह्या तपासायची सवय म्हणा, नजर चुकीवर आधी जाते. लिहून देणार, वय अमुक, धंदा नोकरी, राहणार येडशी.

मी पुन्हा तारीख बघितली. त्या तारखेला मी माकणीला होते. बदलीची यादीसुद्धा लागली नव्हती. येडशीचं स्टेशन तोवर मी एकदाच, रामलिंगाला जाताना पाहिलं होतं.

"हा कागद कधी केला?" मी विचारलं.

"वर तारीख हाय की."

"तेव्हा मी येडशीत नव्हते."

त्यानं कागद घेतला, वाचला. कानाच्या पाळ्या लाल झाल्या. लहानपणीही त्याचं असंच व्हायचं. "टाइपवाल्यानं चूक केली असंल," म्हणाला, आणि चहाही न घेता निघाला. कागद मात्र माझ्याकडंच राहिला.

दुसऱ्या दिवशी मी ढोकीला गेले. कारखान्याच्या रस्त्याला ट्रॉल्यांचं वेल्डिंग करणाऱ्याचं दुकान विचारलं, लगेच सापडलं. गाळप सुरू होतं, उसाच्या ट्रॅक्टरांची रांग पार दुकानापर्यंत आलेली. मळीचा वास. तो माणूस डोळ्यावरचा काळा चष्मा वर करून उठला. मी कोण ते सांगितल्यावर त्यानं कामगाराला खुर्ची आणायला लावली.

"तुमी पिकअप घेतली होती ना?"

"घेतली व्हती. दोन महिनं चालवली आन परत दिली. इंजिनाचं काम निघालं मोठं. तुमच्या भावाला म्हनलं, माझं इसार परत द्या, तुमची गाडी न्या. नेली त्यांनी. नंतर ड्रायव्हर ठेवून त्येच चालवत व्हते की. तुमाला म्हाईत न्हाय?"

मी पिशवीतून करारनामा काढून दिला. तो उजेडाला धरून वाचत राहिला. वेल्डिंगचा आवाज थांबला होता. कामगार आमच्याकडं बघत होते.

"ही सही माझी न्हाय मॅडम. म्या इंग्रजीत सही करतच न्हाय, मला येतच न्हाय. ह्ये कोर्टात दिलाव का?"

"नाही. देणारही नाही."

"मला तीन लेकरं हायेत," तो एवढंच म्हणाला. कागद त्यानं घडी घालून माझ्या हातात दिला, पण लगेच सोडला नाही.

निघताना त्यानंच सांगितलं की गाडी पोलीस ठाण्याच्या आवारात उभी आहे. मी तिथं गेले. कंपाउंडच्या कडेला, जप्तीच्या मोटारसायकलींच्या मागं, ती होती. पुढचा डावा दिवा फुटलेला, टायर जमिनीत रुतलेले, हौद्यात वाळका पाला. काचेवर वरच्या बाजूला लाल अक्षरांत लिहिलेलं होतं, 'अक्काचा आशीर्वाद'. हे त्यानं कधी लिहून घेतलं मला माहीत नव्हतं. मी फुटलेल्या दिव्याकडं बघत राहिले. काचेचा एक तुकडा अजून रबरात अडकून होता. हवालदारानं विचारलं, "कुणाची गाडी बघताव?" मी म्हटलं, "माझी." त्यानं मला आत बोलावून सांगितलं की मालकाला एक नोटीस माकणीच्या पत्त्यावर पाठवली होती, ती तशीच परत आली.

रविवारी भावाला बोलावून घेतलं. तो आला, दारातच उभा राहिला. मी ढोकीला जाऊन आले एवढं सांगितल्यावर खाली बसला.

"सौदा मोडला हे तुला सांगायचं धाडस झालं न्हाय," तो म्हणाला. "विकली म्हणून सांगून बसलो होतो. मग म्हणलं चालवू थोडे दिवस, चांगलं गिऱ्हाईक आलं की खरंच विकू. विमा पुढच्या महिन्यात भरू, पुढच्या महिन्यात भरू, असं करत..."

"आणि अपघात झाल्यावर?"

"तू बदलीच्या गडबडीत होतीस."

"बदली होऊन दोन महिने झाले होते."

त्यानं मान खाली घातली. "कागद कोर्टाबाहेरच्या एकानं करून दिला. म्हणला, सगळे असंच करतात."

"त्या माणसाला तीन लेकरं आहेत."

"मला दोन हायेत! आन फॉर्मवर सही तूच केली होतीस ना? न वाचता? तेव्हा न्हाय विचारलंस. आता मलाच चोर करलालीस."

तो ओरडला नाही, पण मी मागं सरकले. कारण ते खरं होतं. भांडायला माझ्याकडं दुसरं काही नव्हतं. मी करारनामा त्याच्या पुढ्यात ठेवला आणि म्हटलं, "हा घेऊन जा. मी कोर्टात जे आहे ते सांगणार."

"म्हणजे माझं नाव घेणार?"

"विचारलं तर घेणार."

तो गेल्यावर मी सगळी भांडी पुन्हा घासली. मग अंगण झाडलं. मग चपला घालून स्टेशनपर्यंत चालत गेले आणि परत आले. पाय थांबायलाच तयार नव्हते. आपण बरोबर केलं म्हणून मन शांत होतं असं लोक सांगतात. माझं झालं नाही. एकाच आठवड्यात मी भावाला दुखावलं होतं, आणि त्या बाईचा पाय होता तसाच होता.

वकिलांना सांगितलं तर ते चष्मा काढून माझ्याकडं बघत राहिले. "खोटा कागद मी देणारच नव्हतो," ते म्हणाले, "पण साक्षीत तुम्ही एवढं सरळ बोललात तर आपल्याकडं लढायला काही उरत नाही." मी म्हटलं, नाही उरलं तर नाही.

साक्षीच्या दिवशी पिंजऱ्यात उभी राहिले. समोरच्या वकिलांनी विचारलं, नोंदणीकृत मालक तुम्हीच का. हो म्हटलं. गाडी विकली होती का. विकायचं ठरलं होतं, झालं नाही. मग वापर कुणाचा होता. माझ्या भावाचा. अपघाताच्या दिवशी विमा होता का. नव्हता. मग न्यायाधीशांनी स्वतः विचारलं, "त्या दिवशी गाडी कुणाकडं आहे हे तुम्हाला माहीत होतं का?"

"नव्हतं," मी म्हटलं. "पण मी विचारलं असतं तर कळलं असतं."

माझे वकील कागदात बघत राहिले. खाली उतरले तेव्हा मागच्या बाकावर भाऊ बसलेला दिसला. तो कधी आला माहीत नाही. माझी नजर गेल्यावर उठून बाहेर गेला.

व्हरांड्यात ती बाई काठी टेकून उभी होती. जावेनं तिला आत काय झालं ते सांगितलं असावं. ती म्हणाली, "खरं बोललाव म्हने."

मी मान हलवली.

"बोललाव ते बरं झालं. लई हिंडवलं असतं न्हायतर." मग थोडं थांबून म्हणाली, "पर बाई, त्या सकाळी गाडी जरा हळू असती तर तुमालाबी इथं यावं लागलं नसतं."

निकाल लागायला बराच काळ गेला. ड्रायव्हर आणि नोंदणीकृत मालक यांनी मिळून आणि एकेकट्यानंही भरपाई द्यावी असा हुकूम झाला. विमा कंपनी सुटली. वकिलांनी अपील विचारलं, मी नको म्हटलं. भविष्य निर्वाह निधीतून उचल घेतली आणि कोर्टात भरली. ड्रायव्हरकडून काही आलं नाही, येणारही नव्हतं.

त्या वर्षी भाऊबीजेला भाऊ आला नाही. भावजय आली. करंज्यांचा डबा आणि एक पाकीट ठेवून म्हणाली, "त्यांनी मोटारसायकल विकली. अजून देणार हायेत, पण तुमी विचारू नका म्हणले." मी विचारलं नाही. पुढच्या उन्हाळ्यात तो स्वतः आला, पाण्याची टाकी गळत होती ती दुरुस्त करायला. दिवसभर काम केलं, जेवला. गाडीचा विषय दोघांनीही काढला नाही. जाताना म्हणाला, "नळाला नवीन वायसर टाकलाय," आणि मी "बरं" म्हटलं. अजून आम्ही एवढंच बोलतो, पण बोलतो.

मागच्या सोयाबीनच्या हंगामात मी एसटीनं ढोकीकडून येत होते. रस्त्याकडेच्या एका रानात बायका ओळीनं बसून खुरपत होत्या. बांधावर एक बाई काठी धरून उभी होती, एक पाय सरळ, पदर कानामागं खोचलेला, आणि हात करून कुणाला तरी पलीकडची ओळ घ्यायला सांगत होती. मी खिडकीतून मान बाहेर काढली. ती तीच होती की दुसरी कुणी, नीट दिसलं नाही. बस पुढं गेली. हाक मारावी असं वाटलं, पण काय म्हणून मारायची ते सुचेना, आणि येडशी येईपर्यंत मी नुसती तिकिटाची घडी घालत आणि उलगडत राहिले.